पोच मागू नये

निकाल लागला, आणि ज्या पेपरला तू तीन तास मान मोडून लिहीत होतास त्याच्यापुढे ‘गैरहजर’ छापून आलंय? अभिनंदन, भावा. आता घाबरू नकोस, आणि मुख्य म्हणजे काही करू नकोस.

करायचंच असेल तर तोंडी कर. खिडकीपाशी जा, ‘सर, बघा की जरा’ म्हण आणि घरी ये. लेखी अर्ज देऊ नये. दिलाच तर दुसऱ्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक, तारीख असली भानगड मागू नये. पोच मागणाऱ्या पोराकडे कसं बघतात ते विश्रामबागेतल्या माझ्या भाच्याला विचार. त्याच्या हॉल तिकिटावर त्या दिवसाच्या चौकोनात सुपरवायझरची निळी सही होती, घामट बोट लागून जरा फिसकटलेली. (एप्रिलातली सांगली; शाई तरी काय करणार?) खिडकीतल्या साहेबांनी तिकीट पाचशेच्या नोटेसारखं उजेडात धरलं आणि म्हणाले, ‘सही आहे, मान्य. पण तुम्ही होता का?’

उत्तरपत्रिका बघायची हौसही धरू नये. तपासलेली उत्तरपत्रिका ही ‘माहिती’ आहे आणि माहिती अधिकारात ती विद्यार्थ्याला मिळते, असं सर्वोच्च न्यायालयानं २०११ मध्ये आदित्य बंदोपाध्याय खटल्यात सीबीएसईला सुनावलं. १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, अर्ज आणि ३० दिवस. एवढ्या पैशांत धड भडंगसुद्धा येत नाही, तेव्हा न्याय कुठून येणार? शिवाय पत्रिका हातात आली की नको ते दिसतं. एखादं पान कुणी उलटलेलंच नसतं, नाहीतर बेरीज सहानं कमी असते. उगाच गुरुजनांबद्दलचा आदर कमी होतो.

आणि प्रत मिळाली म्हणजे पेपर पुन्हा तपासून मिळेल असंही नाही. नियमात सोय असेल तरच पुनर्मूल्यांकन, नाहीतर तो हक्क नव्हे, हे आपल्याच राज्याच्या बोर्डाच्या खटल्यात १९८४ साली ठरलंय. सोय असली तर तिची मुदत निकालाच्या तारखेपासून धावते, तुझा धीर गोळा झाल्यापासून नव्हे.

ग्राहक कोर्टात जाऊ नये. हा एवढा एकच सल्ला मनापासूनचा आहे. परीक्षा घेणारं मंडळ सेवा विकत नाही आणि परीक्षार्थी गिऱ्हाईक नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २००९ मध्ये बिहारच्या परीक्षा मंडळाच्या खटल्यात सांगितलंय. परीक्षा फी आपण दानपेटीत टाकतो, असं समजावं.

निकालाच्या उशिराबद्दल तर चकार शब्द नको. २०१६ चा राज्याचा विद्यापीठ कायदा म्हणतो, निकाल ३० दिवसांत लावायचा प्रयत्न करावा, फार तर ४५. नाहीच जमलं तर कुलगुरूंनी कुलपतींना कारणांचा अहवाल द्यावा. तुला उशीर झाला तर विलंब शुल्क, त्यांना झाला तर निबंधलेखन. २०१७ मध्ये मुंबईत संगणकावरच्या तपासणीत निकाल महिनोन्‌महिने रखडले आणि कुलगुरूंना घरी जावं लागलं. पण ती मुंबई, आपण कृष्णाकाठची सोशिक माणसं.

यूजीसीच्या २०२३ च्या नियमांत विद्यार्थी तक्रार निवारण समिती आहे, तिच्यावर लोकपाल आहे. नोटीस बोर्डावर त्यांची नावं शोधत बसू नये. तिथं गेल्या गॅदरिंगचं पत्रक आहे, ते वाचावं.

उरलं हायकोर्ट. पूर्वी बरं होतं. रिट करायचं म्हणजे रात्रीची महालक्ष्मी धरून मुंबई. कराड येईपर्यंत निम्मा राग उतरायचा. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झालंय आणि सांगलीचा माणूस तापलेल्या डोक्यानंच पोचतो. न्यायाधीश तुझा पेपर तपासायला बसत नाहीत, नियम पाळले का ते बघतात. पण तेवढं बघितलं तरी काहींची अडचण होते.

भाच्यानं माझं काही ऐकलं नाही. पोच घेतली, माहितीचा अर्ज टाकला. सव्विसाव्या दिवशी उत्तरपत्रिकेची प्रत आली. ती दुसऱ्याच वर्गाच्या गठ्ठ्यात पडून होती. गुण ६१. तोवर एटीकेटीत तोच पेपर देऊन झाला होता, त्यात ४३. तो खिडकीशी गेला. साहेबांनी दोन्ही कागद शेजारी ठेवले, बराच वेळ बघितले. ‘यातले कुठले ठेवायचे, तसा अर्ज द्या.’

भाचा दोन प्रती घेऊनच गेला होता.