गोपाळराव लपले नव्हते

दरवर्षी १८ फेब्रुवारीला समाजसुधारक लोकहितवादी, म्हणजेच गोपाळ हरी देशमुख, यांच्या जयंतीच्या चार पोस्टी दिसतात आणि प्रत्येकीखाली तेच तीन आरोप येतात. कंपनी सरकारचा नोकर होता, स्वतःच्याच जातीवर उलटला आणि नाव लपवून लिहीत होता. यंदाही वाचलं आणि मनाला लागलं. मी स्वतः महसूल खात्यात हयात घालवलेला माणूस आहे. सरकारी नोकरीत राहून चार ओळी छापून आणणं काय असतं, ते जवळून पाहिलंय. त्यामुळे या आरोपांवर मला बोलायचं आहे.

आधी घर बघा. गोपाळ हरी देशमुख. मूळ आडनाव सिधये, देशमुखी वतनामुळे देशमुख झाले. वडील हरिपंत हे सेनापती बापू गोखल्यांचे फडणीस. १८१८ साली बापू गोखले अष्टीच्या लढाईत पडले, पेशवाई बुडाली आणि त्यानंतर पाचच वर्षांनी, १८२३ साली, पुण्यात या मुलाचा जन्म झाला. म्हणजे ज्या राज्यावर घराण्याचा मानमरातब उभा होता, ते राज्य जाऊन नुकतं कुठे थंड झालेलं. अशा घरातल्या मुलानं गेलेल्या वैभवाची टाळ कुटत बसणं किती सोपं होतं! पुण्यात तेव्हा तसं करणारे ढिगानं होते.

गोपाळरावांनी इंग्रजी शिकून १८४४ मध्ये नोकरी धरली, दख्खनच्या सरदारांचा कारभार बघणाऱ्या एजंटाच्या कचेरीत, भाषांतरकार म्हणून. माझ्या मते त्यांच्या लेखणीचं मूळ इथं आहे, आणि याकडे कुणी फारसं बघत नाही. सरदारांचे तंटे, दावे, देणी, सगळं या कचेरीच्या दारात यायचं. मोठमोठी घराणी आतून कशी पोखरली आहेत, हे कागदावर उतरलेलं वाचणं आणि ते इंग्रजीत करून साहेबापुढे ठेवणं हा ज्याचा रोजचा उद्योग, त्याला गेल्या वैभवाची भूल कशी पडावी? दप्तर फार निर्दय असतं. माणूस बाहेर काय मिरवतो आणि त्याच्या नावावर काय बोजा आहे, हे दप्तरात शेजारी शेजारी दिसतं. आम्हा महसुलातल्या माणसांना हे सांगावं लागत नाही.

मार्च १८४८ मध्ये मुंबईच्या ‘प्रभाकर’ साप्ताहिकात पहिलं पत्र आलं. संपादक भाऊ महाजन, खाली सही ‘लोकहितवादी’. तेव्हा आगगाडी नव्हती, पुण्याची डाक बोरघाट उतरून मुंबईला जायची आणि छापील अंक त्याच वाटेनं वर यायचा. १८५० पर्यंत हे चाललं, एकूण १०८ पत्रं झाली. हीच ती ‘शतपत्रे’. पहिलं पत्र आलं तेव्हा लेखक पंचविशीत होता! त्याच वर्षी, त्याच पुण्यात, जोतीराव आणि सावित्रीबाई भिडे वाड्यात मुलींची शाळा काढत होते. १८४८ साल पुण्याच्या इतिहासात सोन्यानं लिहायला हवं.

या पत्रांमधलं जातिभेद, विधवांचे हाल, बालविवाह, अर्थ न कळता केलेलं पाठांतर एवढंच आपल्याला ठाऊक असतं. ते जहाल आहेच. पण मी थांबतो ते व्यापाराच्या पत्रांपाशी. कच्चा माल इथून जातो, त्याचंच कापड होऊन परत येतं आणि आपण ते विकत घेतो, मग देशात पैसा उरणार कसा, हा हिशेब हा माणूस मांडतो. आपल्या लोकांनी जाडंभरडं का होईना पण इथलंच वापरायचं ठरवावं, असं स्पष्ट लिहितो. बंगालची फाळणी आणि स्वदेशीची चळवळ व्हायला अजून अर्धं शतक बाकी होतं. हिंदुस्थानाला पार्लमेंट हवं, त्यात इथले लोक बसले पाहिजेत, हेही त्यांनी त्याच काळात मांडलं. काँग्रेसचा जन्म १८८५ चा. ज्याला इंग्रजांचा भाट म्हणतात त्या माणसानं हे लिहिलंय, कृपा करून ध्यानात घ्या. १८४९ साली त्यांनी ‘लक्ष्मीज्ञान’ हे अर्थशास्त्राचं पुस्तकही मराठीत आणलं. लोकांना पैशाचं शास्त्र कळलं पाहिजे, ही तळमळ होती ती.

आता टोपणनावाबद्दल. मी नोकरीत असताना आमच्या एका कचेरीत एक तरुण कारकून होता. टंचाईच्या दिवसांत टँकरच्या खेपा कागदावर किती आणि गावात किती, यावर त्यानं जिल्ह्याच्या पेपरात टोपणनावानं लिहिलं. एका शब्दाची लबाडी नव्हती त्यात. आठवड्याच्या आत नाव फुटलं, कारणे दाखवा नोटीस आली, वर्तणूक नियमांची कलमं त्याच्या टेबलावर ठेवली गेली. त्याची बायको आमच्या घरी येऊन माझ्या बायकोपाशी रडली. पोरानं पुन्हा कधी लिहिलं नाही. स्वतंत्र देशात, संघटना पाठीशी असताना ही गत! आणि १८४८ मध्ये कंपनीच्या पगारावरचा एक भाषांतरकार पुण्याच्या ब्राह्मण वस्तीत राहून त्याच वस्तीला आठवड्यामागून आठवडे खडे बोल सुनावत होता. नाव फुटलं असतं तर वरून साहेब आणि खालून वाळीत टाकणारा समाज, दोन्हीकडून भरडला गेला असता. टोपणनाव नसतं तर कदाचित पाचव्या-सहाव्या पत्राशीच सगळं थांबलं असतं. पत्रं १०८ झाली, हेच त्या नावाचं समर्थन आहे.

इनाम कमिशनबद्दल मात्र बोललंच पाहिजे. पुढे ते त्या खात्यात सहायक कमिशनर झाले. इनामांच्या सनदा तपासायच्या, पुरावा नसेल तर इनाम रद्द करून जमिनीवर सरकारी सारा लावायचा, हे त्या खात्याचं काम. दक्षिण महाराष्ट्रात १८५७ च्या असंतोषामागे या कमिशनचा जाच मोठा होता. आयत्या उत्पन्नावर जगणाऱ्यांवर त्यांनी पत्रांतून कोरडे ओढले होते, त्यामुळे काम त्यांच्या विचारांशी विसंगत नव्हतं, असं म्हणता येईल. पण काढून घेतलेला सारा रयतेच्या घरात गेला नाही, कंपनीच्या खजिन्यात गेला. हे मला बोचतं आणि त्यांच्यावरच्या प्रेमापोटी मी ते झाकणार नाही.

विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी आपल्या ‘निबंधमाला’ मासिकात त्यांच्यावर अत्यंत कठोर टीका केली. शास्त्रीबुवांचा मी आदर करतो, सरकारी शाळेतली नोकरी सोडून त्यांनी न्यू इंग्लिश स्कूल काढलं, तो त्याग लहान नाही. पण आपल्याच समाजाचे दोष दाखवणारा परक्यांना सामील असतो, ही जी सवय त्या टीकेनं लागली, ती आजही सुटलेली नाही. फेसबुकवर रोज दिसते. बोलण्याइतकी करणी धीट नव्हती हा दुसरा आक्षेप. घरच्या रूढीपुढे गोपाळराव वाकले असतील, वाकतच होते. म्हणून लिहिलेलं खोटं ठरतं का?

पुढचं आयुष्य भरगच्च आहे. वाईला मुन्सफ म्हणजे खालच्या दिवाणी कोर्टाचे न्यायाधीश, अहमदाबादला, नाशिकला न्यायाधीश. गुजरातेत गेले तर तिथल्या भाषेत ग्रंथ लिहिले, ‘हितेच्छु’ पत्राला पाठबळ दिलं, तिथल्या प्रार्थना समाजात काम केलं. १८७७ ला रावबहादूर झाले. (त्याच वर्षी दिल्ली दरबारात पुण्याच्या सार्वजनिक सभेचे गणेश वासुदेव जोशी, म्हणजे सार्वजनिक काका, खादी घालून गेले, गोपाळरावांनी तीस वर्षांपूर्वी लिहिलेलं कुणीतरी अंगावर घातलं.) निवृत्तीनंतर मुंबईच्या कायदे कौन्सिलात बसले, रतलामला दिवाणगिरी केली आणि साठीच्या उंबरठ्यावर, १८८२ साली, स्वतःचं मासिक काढलं. त्याचं नाव ‘लोकहितवादी’. ९ ऑक्टोबर १८९२ ला गेले.

माझी मागणी साधी आहे. दहावीच्या पुस्तकात त्यांच्या नावासोबत केवळ ‘शतपत्रे’ हा शब्द नको, व्यापारावरचं एक अख्खं पत्र द्या, मूळ भाषेत, खाली कठीण शब्दांचे अर्थ देऊन. आणि ज्यांना खाली येऊन ‘इंग्रजांचा नोकर’ लिहायचंय, त्यांनी आधी निदान दहा पत्रं वाचावीत. छापील प्रती वाचनालयांत आहेत. वाचून झाल्यावर या, मी वाद घालायला इथेच आहे.