पायावरच्या दोन खुणा आणि विषदंतांची परिभाषा

पावसाळा लागला की एक चित्र दरवर्षी नव्याने मोबाइलवर येते. चित्रात दोन पावले असतात. एकावर दोन ठळक लाल ठिपके आणि खाली ‘विषारी’. दुसऱ्यावर अर्धगोलात बारीक ठिपक्यांची रांग आणि खाली ‘बिनविषारी, घाबरू नका’. चित्राखालच्या मजकुराचा सारांश असा: विषदंत फक्त विषारी सापाला असतात आणि ते दोनच असतात, म्हणून दंशाच्या खुणाही दोनच उमटतात, बिनविषारी सापाच्या दातांची माळ उमटते, घोणसेचा विषदंत पोकळ असल्यामुळे ती विष आत टोचते, नागाचा खाचेचा असल्यामुळे त्याचे विष नुसते ओघळते, विषदंत मागे असलेले साप ‘निमविषारी’, म्हणजे निम्मेच विषारी, त्यांच्यापासून जिवाला धोका नाही, आणि दात काढलेला साप कायमचा निरुपद्रवी. या प्रत्येक विधानात खऱ्याचा एखादा कण आहे. त्यामुळे सगळ्याला मिळून ‘अफवा’ म्हणून मोकळे होता येत नाही, एकेक विधान वेगळे घेऊनच तपासावे लागते.

आधी शब्दांचे पाहू, कारण गोंधळाचे मूळ तिथेच आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास पॅरिसच्या निसर्गेतिहास संग्रहालयातील आंद्रे द्युमेरिल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सापांची विभागणी वरच्या जबड्यातील दातांवरून केली, आणि तेव्हा रुळलेली नावे आजही वापरात आहेत. ‘ग्लिफ’ हा त्या नावांतला समान भाग ग्रीक भाषेतला असून त्याचा अर्थ कोरीव रेघ किंवा खाच असा आहे. त्यावरून अ‍ॅग्लिफ म्हणजे खाच नसलेल्या दातांचे साप, ओपिस्थोग्लिफ म्हणजे जबड्याच्या मागच्या भागात खाचेचे दात असलेले, प्रोटेरोग्लिफ म्हणजे असे दात पुढे असलेले, आणि सोलेनोग्लिफ म्हणजे ज्यांचा दात नळीसारखा आहे ते. आपल्याकडची धामण, दिवड आणि अजगर पहिल्या गटात. हरणटोळ, मांजऱ्या आणि खाडीतला श्वानमुखी साप दुसऱ्या. नाग, मण्यार आणि समुद्रसाप तिसऱ्या. घोणस, फुरसे आणि चापडा चौथ्या. या चारही नावांत विष हा शब्द नाही. दाताला खाच आहे का, असल्यास कोठे आहे आणि ती कितपत मिटली आहे, एवढेच ती सांगतात. विष किती जहाल आहे, किंवा माणसाच्या कातडीवर किती ठिपके उमटतील, हे सांगण्यासाठी ती घडवलेलीच नव्हती.

जाता जाता आणखी एका शब्दाविषयी. बातम्यांतून ‘सापाचे सुळे’ असे सर्रास लिहिले जाते. सुळा हा पटाशीचे दात आणि दाढा यांच्यामधला सस्तन प्राण्यांचा दात. सापाच्या तोंडात पटाशी, सुळे आणि दाढा अशी वाटणीच नसते, त्यामुळे ‘विषदंत’ हाच शब्द योग्य. संस्कृतात त्याला ‘आशी’ असाही शब्द आहे आणि ज्याच्या आशीत विष तो ‘आशीविष’, हे सापाचे नाव अमरकोशात आलेले आहे. त्या नावात विषाची जागा अचूक सांगितली आहे. खुणांच्या संख्येचा दावा तेथेही केलेला नाही.

आता ‘दोनच दात, म्हणून दोनच खुणा’ हे विधान. घोणसेची स्वच्छ केलेली कवटी भिंगाखाली धरली, तर वरच्या जबड्याचे हाड आखूड, जवळजवळ ठोकळ्यासारखे दिसते आणि ते बिजागरीसारखे फिरते. तोंड मिटलेले असताना सेंटिमीटरहून लांब असलेला विषदंत टाळूला समांतर निजलेला असतो आणि दंशाच्या वेळी तो हाडासकट पुढे उभा राहतो. डावा आणि उजवा विषदंत स्वतंत्रपणे उभे करता येतात. शिवाय प्रत्येक बाजूच्या हाडात विषदंतासाठी शेजारी शेजारी दोन खोबणी असतात आणि मागे हिरडीच्या आवरणात लहान-मोठे राखीव दात रांगेने वाढत असतात. वापरातला दात काही आठवड्यांच्या अंतराने गळतो, तोवर शेजारच्या खोबणीत नवा बसलेला असतो, आणि या अदलाबदलीच्या काळात एकाच बाजूला दोन विषदंत उभे असू शकतात. म्हणजे तब्येतीने ठणठणीत असलेल्या घोणसेच्या एकाच दंशातून एक, दोन, तीन किंवा चार खुणाही उमटू शकतात. त्यात पाय झटकला गेला, एक दात चपलेच्या पट्ट्यात अडकला, साप पुन्हा चावला किंवा दात ओरखडत गेला, की ठिपक्यांचा हिशेब पार कोलमडतो. आफ्रिकेतील अ‍ॅट्रॅक्टॅस्पिस वंशाचे साप तर तोंड जवळजवळ मिटलेले ठेवून एका बाजूचा विषदंत बाहेर काढतात आणि मान तिरकी करून भोसकतात. त्यांच्या दंशाची खूण बहुधा एकच असते.

उलट दिशेनेही हे विधान टिकत नाही. दोन स्वच्छ खुणा दिसल्या तरी विष आत गेलेच असे नाही, कारण विषारी साप पुष्कळदा विष न सोडताही चावतो. त्याला कोरडा दंश म्हणतात.

‘माळ उमटली, तर बिनविषारी’ हा दावा मात्र मला सर्वांत घातक वाटतो, कारण तो माणसाला घरी बसवतो. सापाच्या वरच्या जबड्यात सामान्यतः दातांच्या चार ओळी असतात, दोन बाहेरच्या आणि दोन टाळूच्या, तर खालच्या जबड्यात दोन. विषारी सापांत बाहेरच्या ओळींची जागा बव्हंशी विषदंतांनी घेतलेली असते, पण टाळूवरचे आणि खालच्या जबड्यातले बारीक दात त्यांनाही असतातच. दंश घट्ट बसला तर तेही कातडीत रुततात आणि विषदंतांच्या खुणांभोवती ठिपक्यांची गर्दी होते. धामणीने किंवा अजगराने चावा घेतल्यावर अर्धगोल उमटतो हे खरे आहे आणि घोणसेच्या नेटक्या दंशाच्या दोन खुणा उमटतात हेही खरे आहे. चित्र काढणाऱ्याने ही दोन टोके घेतली आणि मधला सगळा पसारा सोडून दिला.

त्या मधल्या पसाऱ्यातली एक जोडी महाराष्ट्रातल्या प्रत्येक सर्पमित्राच्या परिचयाची आहे: कवड्या आणि मण्यार. दोघेही रात्री फिरणारे, दोघेही घरात शिरणारे, दोघांच्याही काळपट किंवा तपकिरी अंगावर पांढरट आडवे पट्टे. कवड्याचे पट्टे मानेजवळ ठळक असून शेपटीकडे पुसट होत जातात, मण्यारीचे साधारणपणे मानेच्या बऱ्याच मागे सुरू होऊन शेपटीकडे स्पष्ट होतात. पण कंदिलाच्या किंवा मोबाइलच्या उजेडात हे पाहण्याइतके भान कोणाला राहते? आता दोघांचे दात पाहा. कवड्या अ‍ॅग्लिफ, पूर्णपणे बिनविषारी. पण त्याच्या वंशाचे लायकोडॉन हे नाव ‘लांडग्याच्या दातांचा’ अशा अर्थाचे आहे, कारण त्याच्या जबड्यातले पुढचे काही दात इतरांपेक्षा ठसठशीत मोठे असतात. स्वभावानेही तो तापट, पकडला की कडकडून चावतो आणि रक्त काढतो. मण्यारीचे विषदंत मात्र काही मिलिमीटरचेच. जमिनीवर अंथरूण टाकून झोपलेल्या माणसाला तिचा दंश अनेकदा कळतही नाही. ना सूज, ना वेदना, ना ठळक खूण. पहाटे पोटात कळा येतात, घसा आवळल्यासारखा होतो, पापण्या मिटू लागतात, आणि घरचे अपचन समजून ओवा देत बसतात. म्हणजे चित्रातला नियम जिथे खरोखर उपयोगी पडायला हवा होता, नेमका तिथेच तो उलटे उत्तर देतो: कवड्याला विषारी ठरवतो आणि मण्यार चावलेल्याला मुळात काही चावलेच नाही असे सांगतो. समुद्रसापांचेही असेच, जाळ्यातून मासळी सोडवताना झालेला त्यांचा दंश काटा टोचल्याइतकाच जाणवतो.

खाच आणि नळी यांच्याविषयीचा दावा पाठ्यपुस्तकांतून आलेला आहे, त्यामुळे तो खोडायला अवघड जातो. ‘नागाचा विषदंत खाचेचा, घोणसेचा नळीचा’ असे वाक्य अनेकांनी परीक्षेत लिहिलेले असेल. नागाचा विषदंत भिंगाखाली धरला तर त्याच्या पुढच्या अंगाला मुळापासून टोकाकडे जाणारी एक बारीक रेघ दिसते. ती उघडी खाच नव्हे. खाचेच्या दोन्ही कडा वळून एकमेकींना भिडल्या आहेत आणि आत बंद नळी तयार झाली आहे, त्या सांध्याची ती रेघ. घोणसेच्या दातात हा सांधा जवळजवळ पूर्णपणे बुजलेला असतो, एवढाच काय तो फरक. विषग्रंथीभोवतीच्या स्नायूंचा दाब दोन्हीकडे असतो आणि दोन्हीकडे विष टोकाजवळच्या छिद्रातून दाबाखाली बाहेर पडते. आफ्रिकेतील आणि आग्नेय आशियातील काही नाग समोर उभ्या असलेल्याच्या डोळ्यांवर विषाची चिळकांडी उडवतात. त्यांच्या विषदंतातले छिद्र लहान आणि पुढे रोखलेले असते. विष खाचेतून नुसते ओघळत असते तर हे शक्यच झाले नसते. थोडक्यात, प्रोटेरोग्लिफ हे नाव ‘पुढे खाच’ असे म्हणते म्हणून नागाच्या दाताला उघडी खाच असते असे मानणे म्हणजे ‘मांजऱ्या’ या नावावरून त्या सापाला मिशा शोधण्यासारखे आहे.

उघडी खाच खरोखर असते ती मागदंती, म्हणजे विषदंत जबड्याच्या मागच्या भागात असलेल्या सापांना. त्यांचे विष जिथे तयार होते त्या ड्युव्हर्नॉय ग्रंथीला दाबणारा मोठा स्नायू बहुतेकांत नसतो, विष सावकाश झिरपते आणि ते पुरेसे आत जाण्यासाठी सापाला भक्ष्य धरून चघळत राहावे लागते. हरणटोळ किंवा मांजऱ्या चावल्यावर माणसाला सहसा थोडी सूज आणि खाज यापलीकडे फारसे काही होत नाही, ते यामुळेच. पण या निरीक्षणाला ‘निमविषारी’ हे नाव दिल्यामुळे दाताची जागा आणि विषाची ताकद या दोन वेगळ्या गोष्टी एक झाल्या. 1957 साली शिकागो येथे कार्ल श्मिट या नामांकित सर्पतज्ज्ञाला आफ्रिकेतील बूमस्लँग जातीचे पिल्लू अंगठ्याला चावले. साप मागदंती, वयाने लहान, आणि पूर्ण रुतला तो जेमतेम तीन मिलिमीटरचा एकच दात. श्मिट यांनी स्वतःच्या लक्षणांची टिपणे ठेवली, उपचार घेतले नाहीत, आणि दुसऱ्या दिवशी शरीरांतर्गत रक्तस्रावाने त्यांचा मृत्यू झाला. 1975 साली जर्मन सर्पतज्ज्ञ रॉबर्ट मेर्टेन्स यांचा बळी दुसऱ्या एका आफ्रिकी मागदंती सापाने घेतला. चित्रातला नियम या दोघांनाही लावून पाहावा. मागदंती म्हणजे विषारी होण्याच्या वाटेवर अर्ध्यात थांबलेले साप, ही समजूतही टिकत नाही: 2008 साली फ्रीक वोंक आणि सहकाऱ्यांनी सापांच्या भ्रूणांवर केलेल्या अभ्यासातून दिसले की, घोणसेच्या कुळातल्या सापांचा पुढचा विषदंतही भ्रूणावस्थेत जबड्याच्या मागच्याच भागात उगवतो आणि वाढताना पुढे येतो. ‘निमविषारी’ हा शब्द मराठी पुस्तकांत इतका रुजला आहे की तो उपटणे अवघड. तरी निदान शास्त्रीय लेखनात ‘मागदंती’ लिहावे असे माझे मत आहे.

दात काढलेल्या सापाविषयी फार लिहिण्याची गरज नाही. राखीव दातांची रांग वर सांगितलीच आहे. गारुड्याने विषदंत उपटला तरी मागचा दात पुढे सरकतो आणि विषग्रंथी तर जागच्या जागी असते. दात उपटल्याच्या जखमेने सापाचे तोंड मात्र सडते.

खुणा मोजायच्या नाहीत, तर पान लागलेल्या माणसाचे निदान कसे करायचे, हा प्रश्न उरतो. साप ओळखण्याची सक्ती उपचारांत नाही, कारण भारतात मिळणारे प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषांवर मिळून एकच आहे. ते द्यायचे की नाही हे लक्षणांवर आणि एका अगदी साध्या चाचणीवर ठरते. रुग्णाच्या शिरेतून दोन मिलिलिटर रक्त काढून नव्या, स्वच्छ, कोरड्या काचेच्या नळीत घेतात आणि ती नळी वीस मिनिटे न हलवता उभी ठेवतात. नळी प्लास्टिकची किंवा साबणाने धुतलेली असली तर उत्तर चुकते. वीस मिनिटांनी ती तिरकी करायची. रक्त गोठले नसेल आणि पाण्यासारखे वाहिले तर घोणस किंवा फुरशासारख्या सापाचे विष अंगात भिनले आहे असे धरून प्रतिविष सुरू करतात. नाग आणि मण्यार यांच्या विषाने रक्त असे पातळ राहत नाही, म्हणून तिथे डॉक्टर रुग्णाला वर पाहायला सांगून पापण्या उचलल्या जातात का ते बघतात, एका श्वासात आकडे मोजायला लावतात आणि उशीवरून मान उचलता येते का हे तपासतात. पहिल्या तपासणीत सगळे ठीक निघाले आणि पायावर एकही ठिपका सापडला नाही, तरी त्याला चोवीस तास रुग्णालयात ठेवून याच गोष्टी पुन्हा पुन्हा पाहिल्या जातात, कारण मण्यारीचे विष कित्येकदा काही तासांनी बोलू लागते.