इमारतीचे परीक्षण कोण लिहिणार?

आमच्या वास्तुकला महाविद्यालयातील चौथ्या वर्षाच्या एका विद्यार्थिनीने परवा मला विचारले, "सर, मला इमारतींवर लिहायचे आहे. त्यावर पोट भरेल का?" मराठीत केवळ तेवढ्यावर कोणाचा संसार चाललेला माझ्या पाहण्यात नाही, हे मी तिला स्पष्ट सांगितले, पण हा नाद सोडून दे, असे काही माझ्या तोंडून निघाले नाही.

एडा लुईस हक्स्टेबल यांना 'न्यूयॉर्क टाइम्स'ने १९६३ मध्ये पूर्णवेळ वास्तुसमीक्षक म्हणून नेमले. त्याच वर्षी तेथील भव्य पेनसिल्व्हानिया स्टेशनवर हातोडा पडू लागला आणि त्यावरून उसळलेल्या हळहळीतून १९६५ मध्ये शहराने जुन्या वास्तूंच्या रक्षणाचा कायदा केला. समीक्षेसाठीचे पहिलेच पुलित्झर पारितोषिक १९७० मध्ये हक्स्टेबल यांना मिळाले. वयाच्या ९१ व्या वर्षी, डिसेंबर २०१२ मध्ये, न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयातील पुस्तकांचे मजले काढून टाकण्याच्या बेताविरुद्ध त्यांनी कडाडून लिहिले आणि पुढच्याच महिन्यात त्यांचे निधन झाले. तो बेत २०१४ मध्ये सोडून देण्यात आला. अर्धशतक एकाच कामावर इतकी निष्ठा ठेवणारी व्यक्ती पाहिली की मला फार आदर वाटतो.

आपल्याकडे नाटकाचे परीक्षण छापून येते, पण जी इमारत पन्नास वर्षे आपल्या डोळ्यांसमोर राहणार, तिच्या उद्घाटनाची बातमी आणि खर्चाचा आकडा एवढेच छापून येते. गेल्या मे महिन्यात दुपारी तीनच्या सुमारास मी एका नव्या दवाखान्यात बसलो होतो. पश्चिमेची अख्खी भिंत काचेची, त्यामुळे बाकाची पोलादी कड हात लावू देत नव्हती, आणि एक म्हातारी लुगड्याचा पदर डोक्यावर ओढून खांबाच्या सावलीबरोबर सरकत होती. आमच्या आजोळचे धाब्याचे घर याच उन्हात उभे होते. सागवानी कड्या, वर पांढऱ्या मातीचा जाड थर, जाड भिंती आणि मोजक्या खिडक्या, त्यामुळे भर दुपारी ओसरीवर डोळा लागत असे. या दोन वास्तूंमधला फरक नकाशात किंवा छायाचित्रात कळत नाही. तिथे बसून, घाम पुसत, तो लिहावा लागतो.

शिवाय खान्देशात लिहिण्याजोगे थोडे का आहे? १९३६ च्या डिसेंबरात फैजपूरला, म्हणजे प्रथमच एका खेड्यात, काँग्रेसचे अधिवेशन भरले, तेव्हा चित्रकार नंदलाल बोस यांनी बांबूसारख्या गावातच मिळणाऱ्या साहित्यातून तेथील सजावट उभी केली होती. धुळ्याच्या क्रमांकांच्या गल्ल्यांमधून आपण रोज जातो, पण गावाची ती आखणी चांगली की वाईट, यावर कधी वाद घालत नाही.

त्या विद्यार्थिनीला मी पहिले काम दिले आहे: एकच इमारत निवडायची, तिथे सकाळी, भर दुपारी आणि दिवेलागणीला जायचे, झाडलोट करणाऱ्या बाईंशी बोलायचे आणि मग आठशे शब्द लिहायचे. तिने बसस्थानक निवडले आहे.