‘आर्यन ब्रदरहुड’ गोऱ्या कैद्यांचे रक्षण करत नाही

अमेरिकेतील ‘आर्यन ब्रदरहुड’सारख्या टोळ्या गोऱ्या कैद्यांनी स्वसंरक्षणासाठी उभारल्या, त्या केवळ आपल्या वंशासाठी लढतात आणि बाहेरच्या समाजाला त्यांचा उपद्रव नाही, असा दावा समाजमाध्यमांवर वारंवार फिरतो.

त्यातला पहिला भाग अगदीच निराधार नाही. 1960 च्या दशकात कॅलिफोर्नियातील तुरुंगांमधली वंशनिहाय विभागणी मोडली जात असताना जो तणाव निर्माण झाला, त्यातूनच सॅन क्वेंटिनमध्ये ही टोळी उभी राहिली. पण टोळी कशी जन्मली यावरून ती पुढे कोणाच्या भल्यासाठी चालली, हे सिद्ध होत नाही.

रक्त सांडल्याशिवाय प्रवेश नाही आणि मेल्याशिवाय सुटका नाही, असा या टोळीचा नियम. त्याची किंमत गोऱ्यांनीही मोजली आहे. टोळीविरुद्ध साक्ष देणारा माजी सदस्य हाती लागत नव्हता, म्हणून 1983 मध्ये कॅलिफोर्नियात त्याच्या वडिलांचा खून करण्यात आला. त्या वडिलांचा अपराध एवढाच की साक्षीदार त्यांचा मुलगा होता. टेक्सासमधल्या याच नावाच्या वेगळ्या टोळीवर झालेल्या केंद्रीय कारवाईत 2014 पर्यंत 73 जण दोषी ठरले. टोळीत येऊ पाहणाऱ्या एकाला ठार मारून त्याचे कापलेले बोट आणून दाखवा, असा आदेश तिथल्या म्होरक्याने दिल्याचे त्या खटल्यात नमूद आहे. याला रक्षण कसे म्हणायचे?

वंशनिष्ठेचे म्हणाल, तर कॅलिफोर्नियात हीच टोळी अनेक दशके ‘मेक्सिकन माफिया’ या मेक्सिकन वंशाच्या कैद्यांच्या टोळीशी हातमिळवणी करून आहे, कारण दोघांचे शत्रू आणि धंदे एकमेकांत गुंतलेले आहेत. म्हणून तिचा वर्णद्वेष खोटा आहे, असे मात्र मुळीच नाही. 1997 मध्ये अदृश्य शाईने लिहिलेल्या निरोपातून युद्धाचा आदेश पोहोचला आणि पेनसिल्व्हेनियातील लुइसबर्ग तुरुंगात दोन कृष्णवर्णीय कैद्यांची हत्या झाली. या कटासह अनेक गुन्ह्यांसाठी टोळीचे म्होरके बॅरी मिल्स आणि टायलर बिंगहॅम 2006 मध्ये दोषी ठरले. द्वेष खराच आहे, आणि टोळीला माणसे व दहशत पुरवण्याच्या कामी तो येतो.

उपद्रव भिंतीआडच राहतो, हे म्हणणे तर टिकतच नाही. चोरून आणलेल्या मोबाइलवरून कैदी कोठडीतूनच हेरॉइन आणि मेथ या अमली पदार्थांचा व्यापार चालवत होते व खुनांचे हुकूम देत होते, असे सॅक्रामेंटो येथे 2019 मध्ये दाखल झालेल्या खटल्यात उघड झाले; त्यातील प्रमुख आरोपी 2024 मध्ये दोषी ठरले. तो माल कैद्यांपुरता नव्हता, कॅलिफोर्नियाच्या रस्त्यांवर विकला जात होता.