प्रश्न आधी कळवले होते का?

मराठी वाहिनीवर नेत्याची मुलाखत झाली की दुसऱ्या दिवशी ठरलेला वाद: अँकरने धारेवर धरलं की पायघड्या घातल्या? इथे ब्रिटनमध्ये बसून तो ऐकताना वाटतं, आपण अँकरच्या स्वभावावर अडतो, मुलाखतीच्या अटी विचारतच नाही.

इथेही सुरुवात पायघड्यांनीच झाली. १९५१च्या निवडणुकीत हुजूर पक्षाच्या अँथनी ईडन यांना टीव्हीवर लेस्ली मिचेल यांनी प्रश्न विचारले, पण कार्यक्रम पक्षाचाच, त्यामुळे प्रश्नही सोयीचे. शिवाय चौदा दिवसांचा नियम होता: संसदेत पंधरवड्यात चर्चेला येणाऱ्या विषयावर प्रक्षेपणात चर्चा नाही. १९५६च्या सुएझ कालव्याच्या संघर्षात तो मोडीत निघाला. १९५५मध्ये आयटीव्ही ही खासगी वाहिनी आल्याने बीबीसीची मक्तेदारी आधीच गेली होती.

मग २३ फेब्रुवारी १९५८. पंतप्रधान हॅरल्ड मॅकमिलन भारतासह राष्ट्रकुलाचा दौरा करून आलेले. निघण्याच्या तोंडावर अर्थमंत्री थॉर्नीक्रॉफ्ट यांचा राजीनामा, परतण्याच्या दोन दिवस आधी रॉचडेलच्या पोटनिवडणुकीत त्यांचा हुजूर पक्ष तिसरा. आयटीव्हीला बातम्या पुरवणाऱ्या आयटीएनच्या रॉबिन डे यांनी मुलाखतीत परराष्ट्रमंत्री सेल्विन लॉइड यांच्यावरच्या टीकेबद्दल मॅकमिलन यांचं मत विचारलं. आवाज न चढवता. पण मॅकमिलन जरा जरी घुटमळले असते, तरी लॉइड यांचे दिवस भरले असाच अर्थ निघाला असता. त्यांनी ठाम पाठराखण केली. सहकाऱ्याबद्दल पंतप्रधानांना असं तोंडावर विचारावं का, यावर वाद झाला तो नंतर. पुढच्याच वर्षी मॅकमिलन १०० जागांच्या बहुमताने जिंकले, हे 'साहेब अडचणीत येतील' म्हणणाऱ्या पीएंनी ध्यानात घ्यावं.

कसब साधंच आहे. एका वेळी एकच प्रश्न. दोन जोडले की नेता सोपा तेवढा उचलतो. प्रस्तावना लांबली की तो तिच्याशीच भांडत बसतो. खरी मेख उपप्रश्नात, आणि तो सुचायला हातातला कागद सोडून उत्तर ऐकावं लागतं. आपल्या चर्चेच्या कार्यक्रमांत पडद्यावरच्या सहा खिडक्यांतून सगळे एकदम ओरडतात तिथे उपप्रश्न सुचला तरी विचारणार कधी? २०१८मध्ये पुण्यात राज ठाकरे यांनी घेतलेली शरद पवारांची मुलाखत रंगली खरी, पण नेत्याने नेत्याला विचारलं की ती मैफल होते.

इथलंही सगळं गोड नाही. २०१९च्या निवडणुकीत तेव्हाचे पंतप्रधान बोरिस जॉन्सन बीबीसीच्या अँड्र्यू नील यांच्यासमोर बसलेच नाहीत. नील यांनी आपले प्रश्न कॅमेऱ्याकडे बघून वाचले. जॉन्सन ८० जागांच्या बहुमताने निवडून आले. बसायची सक्ती कुठलाच कायदा करत नाही. पण बसलेल्याच्या अटी जाहीर करायला वाहिनीला कोण अडवतं? मुलाखतीआधी पडद्यावर तीन ओळी द्या: प्रश्न कळवले होते का, कोणते विषय टाळायचं ठरलं होतं, आणि काटछाट कोणी केली.