निखाऱ्यांची रास: एका आक्षेपाला उत्तर

प्रतिक्रियेबद्दल आभार. तुमचा आक्षेप असा: 'शत्रू भुकेला असेल तर त्याला खाऊ घाल, कारण तसं केल्याने त्याच्या डोक्यावर निखाऱ्यांची रास होईल' हे बायबलमधलं प्रेषित पौलाचं वाक्य (रोमकरांस पत्र १२:२०) निव्वळ आलंकारिक आहे, त्यावरून जर्मन तत्त्वज्ञ नीत्शेसारखं ख्रिस्ती प्रेमात सूड दडलाय असं म्हणता येत नाही.

निखारे आलंकारिक आहेत यात वाद नाही. प्राचीन ख्रिस्ती धर्मचिंतक ऑगस्टिनने तर नियमच घालून दिला: आज्ञा दुष्कृत्य करायला सांगतेय असं वाटलं, तर ती शब्दशः घ्यायची नाही. म्हणून त्याच्या लेखी निखारे म्हणजे पश्चात्तापाची होरपळ. पण अलंकार म्हटल्याने प्रश्न मिटत नाही. आपणही म्हणतो, 'तो इतका चांगला वागला की मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.' कोणी मरत नाही, पण जिव्हारी लागतं ते खरंच. ते आपसूक लागलं, की लागावं म्हणूनच तो चांगला वागला? पौलाच्या वाक्यात 'कारण' आहे. परिणामच तिथे हेतू होऊन बसतो.

अशा वेळी आधी मूळ वचन पाहावं, मग आजूबाजूची वचनं. हे वाक्य बायबलच्या जुन्या करारातल्या नीतिसूत्रांतलं (२५:२१-२२). तिथे पुढे 'परमेश्वर तुला प्रतिफळ देईल' असंही आहे; पौलाने ते गाळलं. पुढच्याच वचनात तो म्हणतो, बऱ्याने वाइटाला जिंक. या दोन्ही गोष्टी तुमच्या बाजूच्या, आणि वजनदार आहेत. मात्र जुन्या करारातल्याच १४०व्या स्तोत्रात दुष्टांवर निखारे पडोत अशी प्रार्थना आहे, ती सरळ शिक्षेची. पश्चात्तापाचा तिथे मागमूस नाही. म्हणजे निखारे म्हटलं की पश्चात्तापच, असं धरून चालता येत नाही.

माझ्या मते नीत्शेचा खरा घाव पौलाच्या या विसाव्या नव्हे, त्याआधीच्या एकोणिसाव्या वचनावर बसतो: तुम्ही सूड घेऊ नका, फेड करणं देवाचं काम. १८८७च्या 'नीतीची वंशावळ'मध्ये तो हेच म्हणतो: दुबळ्याला सूड घेता येत नाही, त्या असमर्थतेलाच तो क्षमा म्हणतो आणि हिशेब देवाच्या न्यायावर सोपवतो. पुरावा म्हणून तो आरंभीच्या काळातला ख्रिस्ती लेखक टर्टुलियनचा लांबलचक उतारा देतो. अंतिम न्यायाच्या दिवशी छळ करणारे जळताना पाहण्याचा आनंद त्यात उघडपणे वर्णिलेला आहे. त्यात अलंकाराचा आडोसाही नाही.

जर्मन तत्त्वज्ञ माक्स शेलरने १९१२मध्ये नीत्शेला उत्तर दिलं: ख्रिस्ती प्रेम दुबळेपणातून नव्हे, भरलेपणातून खाली झुकतं. हे उत्तर मला मोलाचं वाटतं, पण एकोणिसावं वचन त्याने सुटत नाही. त्याचा अर्थ तुम्ही कसा लावता, हे जरूर लिहा.