ब्लाइंड्सचं गोत्र

पुण्यात पश्चिमेची खिडकी असलेल्या घरात ब्लाइंड्स मोडायचा मुहूर्त ठरलेला असतो. एप्रिलातली दुपार, चारचा सुमार आणि जिथे पाहुणे बसलेत नेमकी तीच खोली. साखळी ओढावी तर मणी घसरतात, व्हर्टिकलची (उभ्या पट्ट्यांच्या ब्लाइंडची) एक पट्टी पाठ फिरवून उभी राहते, आणि घरातलं कर्तं माणूस फर्मान काढतं, "कंपनीला फोन लावा."

कुठल्या कंपनीला? वरच्या रेलवरचा स्टिकर उन्हानं पांढराफटक झालेला असतो. वाचता आलाच, तरी त्यावरचं नाव जन्माचं की दत्तक गेल्यानंतरचं, हे कळत नाही. आपल्याकडे स्थळ आलं की पणजोबांच्या आजोळापर्यंत चौकशी होते. हॉलमध्ये वर्षानुवर्षं लटकणाऱ्या वस्तूचं गोत्र मात्र कोणी विचारत नाही. मी विचारावं या मताचा आहे. उपयोग किती, ते पुढे बघू.

थोरल्या घराण्यापासून सुरुवात करतो. ब्लाइंड्स बनवणारी हंटर डग्लस म्हटलं की मिशांना पीळ दिलेले दोन इंग्रज कर्नल डोळ्यांसमोर येतात. प्रत्यक्षात मूळ पुरुष हेन्री सोननबर्ग, गाव जर्मनीतलं ड्युसेलडॉर्फ, साल १९१९ आणि धंदा यंत्रांचा. १९३३ मध्ये मुक्काम नेदरलँड्सला हलला. १९४० मध्ये अमेरिकेत डग्लस मशिनरी कंपनी निघाली. १९४६ मध्ये जो हंटर यांच्याशी भागीदारी झाली. त्यांच्याकडे ॲल्युमिनियम सलग ओतून त्याच्या ब्लाइंड्ससाठी हलक्या पट्ट्या काढण्याचं तंत्र होतं. म्हणजे हंटर हा माणूस आणि डग्लस ही यंत्रांची कंपनी. पुढे १९५६ मध्ये अमेरिकेतला धंदा विकला आणि मुख्य कचेरी माँट्रियलला नेली, १९७१ मध्ये ती रॉटरडॅमला आली, आणि १९७६ मध्ये विकलेला अमेरिकी धंदा परत विकत घेतला. सदाशिव पेठेतून कोथरूडला जायला जिथे दोन पिढ्या विचार करतात, त्या शहराला हा वेग झेपायचा नाही. लक्झाफ्लेक्स हे नाव तुम्ही कॅटलॉगवर वाचलं असेल, तर ते याच घरातलं.

एवढी वर्षं कुटुंबानं सांभाळलेली ही कंपनी २०२२ च्या फेब्रुवारीत थ्री-जी कॅपिटल या गुंतवणूक कंपनीच्या ताब्यात गेली. वाटा ७५ टक्के. सगळ्या कंपनीची किंमत धरली सुमारे ७.१ अब्ज डॉलर. उरलेले २५ टक्के सोननबर्ग कुटुंबाकडे राहिले. या थ्री-जीनं २०१० मध्ये बर्गर किंग घेतलं, २०१३ मध्ये वॉरन बफे यांच्या कंपनीबरोबर हाइन्झ घेतलं (त्यातून २०२३ मध्ये बाहेर पडली) आणि २०२५ मध्ये स्केचर्स. म्हणजे बर्गर, केचप, बूट आणि खिडकीचा पडदा एकाच सातबाऱ्यावर येऊन गेले. ही मंडळी प्रसिद्ध आहेत ती खर्चाच्या एका शिस्तीसाठी: मागच्या वर्षी झाला म्हणून या वर्षी कुठलाही खर्च मंजूर नाही, प्रत्येक रुपया शून्यापासून सिद्ध करायचा. जगभरच्या व्यवस्थापन शाळांत यावर व्याख्यानं होतात. आमच्याकडे ही पद्धत कुठल्याही पेठेतल्या आजींनी फुकट शिकवली असती.

दुसरी घराणीही काही कमी नाहीत. लेव्होलॉर हे अमेरिकेतलं जुनं नाव २०१६ पर्यंत नेवेल कंपनीकडे होतं, आणि पार्करची पेनंही त्याच नेवेलकडे. दहावीच्या निकालाला मिळालेलं पार्कर आणि अमेरिकेतल्या मावशीच्या स्वयंपाकघरातले ब्लाइंड्स हे बरीच वर्षं सख्खे भाऊ होते. मग लेव्होलॉर हंटर डग्लसकडे गेलं. बाली आणि ग्रेबर ही नावं स्प्रिंग्ज विंडो फॅशन्सची. ती कंपनी २०२१ मध्ये क्लिअरलेक कॅपिटल या गुंतवणूक कंपनीनं घेतली, आणि पुढच्याच वर्षी चेल्सी फुटबॉल क्लब घेणाऱ्यांतही क्लिअरलेक होती. ब्रिटनमध्ये हिलरीज घरी येऊन माप घेते, तर ब्लाइंड्स-टू-गो ऑनलाइन विकते. बाहेरून बघणाऱ्याला वाटावं, जावा-जावांची चुरस चाललीय. दोघींची चूल हंटर डग्लसचीच. तुमच्या पडद्याला मोटर असेल, तर आणखी एक आजोळ निघू शकतं: आत सोम्फीची मोटर असली, तर माहेर फ्रान्समधलं क्लूज हे गाव आणि मालकी देस्पात्युर कुटुंबाची.

आता हे सगळं पाठ असलेला माणूस दुकानात जातो. विक्रेता म्हणतो, "काका, युरोपियन आहे." युरोपियन नक्की काय आहे, कापड, क्लच (साखळीनं पाइप फिरवणारा आणि सोडल्यावर धरून ठेवणारा भाग), पाइप की नुसता कॅटलॉग, असं विचारलं की तो खिशातून फोन काढतो आणि "सरांशी बोला" म्हणतो. त्याची चूक नाही. या धंद्यात पडदा तयार स्थितीत फारसा प्रवास करत नाही. कापडाचे रोल एकीकडून, ॲल्युमिनियमचे पाइप दुसरीकडून, क्लच आणि साखळी तिसरीकडून येतात, आणि ते मापाला कापून जोडणारा कारागीर शहराच्या कडेला एखाद्या शेडमध्ये असतो. मोठे ब्रँडही असे जोडणारे ठेवतात. रॉटरडॅममध्ये भागधारक बदलले म्हणून त्या शेडमधल्या करवतीचं पातं बदलत नाही.

मालकी बदलल्यावर वॉरंटीचं काय, हा प्रश्न मात्र रास्त आहे. शेअर विकले गेले, तर कंपनी तीच राहते आणि तिनं दिलेला शब्दही तिच्यावरच राहतो. नुसतं नाव विकलं गेलं, तर जुन्या मालाची जबाबदारी नव्या धन्यानं घेतली की नाही हे त्यांच्या करारावर असतं, आणि तो करार आपल्याला कोणी दाखवत नाही. म्हणून स्टिकरपेक्षा बिल जपावं. बिलावरचा जीएसटी क्रमांक १५ अक्षरी असतो. पहिले दोन अंक राज्याचे, महाराष्ट्राचे २७. पुढची दहा अक्षरं म्हणजे पॅन. संपूर्ण क्रमांकातलं सहावं अक्षर बघा: सी असेल तर कंपनी, एफ असेल तर भागीदारी, पी असेल तर एकटा माणूस आणि एच असेल तर हिंदू अविभक्त कुटुंब. हाच क्रमांक जीएसटीच्या संकेतस्थळावर टाकला की कायदेशीर नाव बाहेर येतं. दारावर 'इंटरनॅशनल' अशी पाटी आणि सहावं अक्षर पी, हा योग पुण्यात दुर्मीळ नाही. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ आपल्या बाजूनं एक गोष्ट मान्य करतो: दुसऱ्यानं बनवलेल्या मालावर जो स्वतःची खूण लावतो, तोही उत्पादकच धरला जातो. "आम्ही फक्त स्टिकर लावतो" ही सबब तिथे चालत नाही.

पण तक्रार करून न्याय मिळेपर्यंत ऊन सोफ्यावर असतंच, आणि मोडतो तो बहुधा वीस-तीस रुपयांचा तुकडा. तिथे गोत्र मुकाट्यानं बाजूला ठेवून मोजपट्टी हातात घ्यावी. रोलरच्या, म्हणजे पाइपवर गुंडाळणाऱ्या पडद्याच्या, साखळीचा नेहमीचा मणी साडेचार मिमी जाडीचा, आणि दोन मण्यांच्या मध्यांतलं अंतर सहा मिमी. एकेक मणी मोजत बसू नये. पहिल्या मण्याच्या मध्यापासून अकराव्याच्या मध्यापर्यंत ६० मिमी भरले, तर ती ही साखळी. अंतर थोडंही वेगळं असेल तर मणी क्लचच्या खाचेत बसत नाहीत, दर फेरीला एखादा उडी मारतो आणि आपण क्लचला शिव्या देतो. क्लच खरंच गेला असेल, तर साखळी सोडली की पडदा आपोआप खाली सरकतो. आतली स्प्रिंग झिजलेली असते, किंवा मोठ्या खिडकीचं जड कापड लहान पाइपवर चढवलेलं असतं. नवा क्लच आणताना पाइपचा आतला व्यास मोजून न्यावा. ब्रँड सांगून क्लच मिळत नाही.

कापड गुंडाळताना डावीकडे सरकत असेल, तर आधी दोन्ही ब्रॅकेट एका पातळीत आहेत का ते बघावं. असतील तर पडदा पूर्ण उतरवून उघड्या पाइपच्या उजव्या टोकाला मास्किंग टेपचा एक तुकडा चिकटवावा. कापड जाड बाजूकडे ओढलं जातं, म्हणून टेप नेहमी विरुद्ध टोकाला. एकानं भागलं नाही तर त्यावर दुसरा. या उपायाला कुठल्याही मालकाची परवानगी लागत नाही.

व्हर्टिकलमध्ये पट्टी लटकते त्या प्लॅस्टिकच्या हुकाला ऊन खातं. पश्चिमेच्या खिडकीत तो ठिसूळ होतो आणि पंख्याच्या वाऱ्यानंही तुटतो. पट्टी १०० मिमीची की १२७ ची, ते मोजावं आणि तुटलेला हूक सोबत न्यावा, कारण दातांची ठेवण रेलगणिक वेगळी. एखादीच पट्टी उलटी उभी असेल, तर तुटलेलं काही नसतं. फिरवायची साखळी एका दिशेला शेवटपर्यंत ओढून आणखी थोडा जोर दिला की बहुतेक रनर (रेलमध्ये सरकणारे, पट्टीचा हूक धरणारे तुकडे) टिकटिक करत रांगेत येतात. पाहुण्यांसमोर हे करून दाखवलं की मान वाढतो.

हे सुटे भाग शोधायला रविवार पेठेत, बोहरी आळीच्या बाजूला जावं. मण्यांची साखळी मीटरवर घेतली तर टोकं जोडणारी क्लिप आठवणीनं मागावी, ती गृहीत धरलेली नसते. घरात लहान मूल असेल तर साखळीचा फास मोकळा लोंबकळू देऊ नये: युरोपीय मानकांत साखळीचं खालचं टोक जमिनीपासून किमान दीड मीटर वर ठेवायला सांगितलंय, आणि तेवढं जमत नसेल तर साखळी ताणून धरणारा हूक भिंतीत बसवावा. हुकाबरोबर येणारे स्क्रू पुण्यातल्या जुन्या विटांच्या भिंतीत फिरत राहतात. त्यामुळे त्याच गल्लीतून सहा मिमीचे दोन रावळप्लग घेऊनच निघावं.